जोडी घेऊन निघालो

रंगपंचमीच्या सकाळी मृणाल पागेनं दार आतून लावून घेतलं होतं. रस्त्यावर पोरांचा धिंगाणा चालला होता. माधव नगरातल्या आपल्या दोन खोल्यांत ती एकटीच पेपर तपासत बसली होती. एवढ्यात दारावर थाप पडली. बाहेर पोलिसांचा शिपाई उभा होता.

"मॅडम, कॉलेज के चपरासी से आपका पता मिला. साहब ने रामघाट बुलाया है. सरमंडल सर आपके कौन लगते हैं?"

"गुरू," मृणाल म्हणाली. "का? काय झालं त्यांना?"

शिपायानं मान खाली घातली.

रामघाटाच्या पायऱ्यांवर, पाण्यापासून हातभर अंतरावर एक काठी, एक चष्मा आणि चामड्याच्या चपला ओळीनं ठेवल्या होत्या. पहाटे एका पंड्यानं त्या पाहिल्या होत्या. चपला भय्यासाहेबांच्या होत्या यात शंका नव्हती. डाव्या चपलेच्या अंगठ्यावर तांब्याच्या तारेचा टाका होता. तो त्यांनी स्वतःच घातला होता.

भय्यासाहेब सरमंडल म्हणजे सेंद्रिय रसायनाचे नावाजलेले प्राध्यापक. उज्जैनच्या कितीतरी पोरांना त्यांनी घडवलं होतं. मूलबाळ नव्हतं. पत्नी अहल्याबाई गेल्यापासून ते घरात एकटेच होते. मृणाल त्यांची लाडकी विद्यार्थिनी. पण आज जाऊ, उद्या जाऊ करता करता तिच्या जाण्यात दोन वर्षांचा खंड पडला होता.

घाटावर तिच्या आधी एक जण पोचला होता. मधुकर शितूत. तिचाच वर्गमित्र, त्या वर्षीचा सुवर्णपदक विजेता. लायसन्सची कटकट संपली तशी त्यानं गावाबाहेर औषधांचा कच्चा माल बनवायचा कारखाना टाकला होता आणि भरभराटीला आणला होता. त्यानंच होडी आणि पाणबुडे बोलावले होते. त्याचे डोळे रडून लाल झाले होते.

"मृणाल, सर गेले गं," तो म्हणाला.

ठाण्याचे प्रमुख टी.आय. राठौर मराठी समजणारे आणि डायरी न उघडता, नुसते डोळे बारीक करून ऐकणारे अधिकारी होते. त्यांनी भय्यासाहेबांच्या शेजारीण सुलूवहिनींना पुढे बोलावलं.

"आखिरी बार कब देखा?"

"काल दुपारी, साहब. मैं गेट पे खड़ी थी. भय्यासाहेब खांद्याला झोळी लावून निघाले."

"हालत कैसी थी? परेशान थे?"

"परेशान काय, तसे ते गप्पच असायचे. बुटाची नाडी सुटली होती. म्हटलं, भय्यासाहेब, नाडी बांधा, पडाल नाहीतर. बांधली. मग म्हणाले, सुलू, मृणाल पागेला निरोप दे. मी आता लीव्हिंग ग्रुप. जोडी घेऊन निघालो. एवढंच. मला वाटलं, आमच्या भजनाचा ग्रुप सोडतायत." वहिनींनी पदर डोळ्यांना लावला. "आता कळतंय. जोडी म्हणजे अहल्याकाकूच की हो! ती गेली तरी रोज तिचं ताट मांडायचे. तिच्याकडेच निघाले होते."

राठौर मृणालकडे वळले. "ये लीविंग ग्रुप क्या है?"

ती तोंड उघडणार, तेवढ्यात मधुकर पुढे झाला.

"मैं बताता हूँ साहब. केमिस्ट्री का शब्द है. मॉलिक्यूल का जो हिस्सा टूटकर अलग हो जाता है, वो लीविंग ग्रुप. सब कुछ छोड़कर खाली हाथ चला जाता है. सर दुनिया से विदा ले रहे थे."

राठौरांनी सुस्कारा टाकला. मृणालच्या मनात काहीतरी खुपलं. काय ते मात्र तिला लगेच कळेना. नदीतून पाणबुडा वर आला आणि त्यानं रिकामे हात हलवून दाखवले.

"साहब, एकदा सरांचं घर बघता येईल?" तिनं विचारलं.

"आता घर बघून काय मिळणार, मृणाल?" मधुकर म्हणाला. पण राठौर निघालेच. मग तोही गाडीत बसला.

पुढच्या दाराला कुलूप होतं. जादा किल्ली सुलूवहिनींकडे होती. आत सगळं नीटनेटकं, आणि म्हणूनच पाहवत नव्हतं. ओट्यावर दोन ताटं पालथी घातलेली होती. दोन खुर्च्यांपैकी एकीचीच गादी बसून बसून चेपली होती.

मृणाल स्वयंपाकघरातून मागच्या दाराशी गेली. दाराचा लाकडी अडसर खाली पडला होता. फळ्यांच्या फटीत पातं सरकवून कुणीतरी तो उचलला असावा, कारण लाकडावर पांढरे, ताजे ओरखडे होते.

देवघरात ती थबकली. फळीवर उदबत्तीची राख पसरली होती. गंगाजलाच्या तांब्यामागे त्या राखेत दोन वाटोळ्या जागा मात्र स्वच्छ होत्या, शेजारी शेजारी. तिथून काहीतरी अगदी अलीकडे उचललं होतं.

ती बाहेर येऊन सरांच्या खुर्चीत बसली. समोरच्या भिंतीवर शाळेतल्यासारखा एक छोटा फळा होता. तो कोरा होता. पण कोऱ्या फळ्याकडे बघता बघता तिला जुना वर्ग दिसू लागला. पुढच्या बाकावर मधुकर, त्याच्या मागे ती. सर खडूनं रेणू काढतायत आणि विचारतायत, "सुटणारा गट काय घेऊन सुटतो?" आणि सगळ्यांच्या आधी मधुकरचा हात वर.

मृणाल ताडकन उठली.

"साहब, भय्यासाहेब बुडालेले नाहीत. पाणबुड्यांना वर काढा."

"मृणाल, तुला धक्का बसलाय. पाणी पी," मधुकर म्हणाला.

"बोलने दो," राठौर म्हणाले.

"वहिनी, काल सर निघाले तेव्हा पायांत काय होतं?"

"सांगितलं ना, बूट. ते कॅनव्हासचे."

"नाडीचे बूट. तुमच्या डोळ्यांदेखत त्यांनी नाडी बांधली. मग घाटावर चपला कुठून आल्या?"

सुलूवहिनींनी तोंडावर हात ठेवला. राठौर दाराजवळच्या जोडे ठेवायच्या फळीकडे बघू लागले. तिथे बूटही नव्हते, चपलाही नव्हत्या.

"झोळीत घालून नेल्या असतील," मधुकर म्हणाला.

"जीव द्यायला जाणारा माणूस बदलायला चपला नेतो? चपला, काठी आणि चष्मा सर गेल्यावर या घरातून गेले. मागच्या दारानं. अडसर बघा, साहब. कुणीतरी आत शिरलं होतं. आणि तेही पहिल्यांदा नव्हे. मागून कुणीतरी येऊन घर धुंडाळून गेलंय हे सरांना आधीच कळलं असणार. म्हणून तर ते निघाले."

"लेकिन जाते हुए बोले क्या? दुनिया छोड़ने की बात," राठौर म्हणाले.

"तो अर्थ आपल्याला मधुकरनं सांगितला." मृणालचे शब्द वर्गात शिकवावं तसे सुटे, स्वच्छ येत होते. "दोन अणूंना धरून ठेवणारा बंध म्हणजे इलेक्ट्रॉनची एक जोडी असते. रेणूतला एखादा गट सुटतो, तेव्हा ती जोडी रेणूकडे राहू शकते किंवा सुटणाऱ्याबरोबर जाऊ शकते. जो जोडी घेऊन जातो, त्यालाच लीव्हिंग ग्रुप म्हणायचं. ती त्याची व्याख्याच आहे. रिकाम्या हातानं जाणाऱ्याला ते नावच नाही. आणि बऱ्याचदा तो आपण होऊन जात नाही, साहब. दुसरा कुणीतरी बरोब्बर उलट्या बाजूनं, पाठीमागून येतो, आणि याला सुटावं लागतं. सरांनी मला निरोप दिला तो एवढाच: मागून कुणीतरी आलंय, मला घर सोडावं लागतंय, आणि महत्त्वाचं जे काही आहे, त्याची जोडी माझ्याबरोबर आहे."

"शब्दाचा कीस पाडतेयस तू," मधुकर हसला. "इतक्या वर्षांनी व्याख्या कुणाच्या लक्षात राहते?"

"तुझ्या. सगळ्यांच्या आधी तुझा हात वर असायचा. तुझ्या कारखान्यात रोज हेच चालतं. आणि तू साहेबांना सांगितलंस, खाली हाथ. चूक झाली नाही तुझी, मधुकर. सरांनी बरोबर काही नेलं, हे तुला लपवायचं होतं."

बाहेर कुणीतरी ढोल बडवत गेलं.

"साबित कुछ नहीं होता, मॅडम," राठौर हळूच म्हणाले.

"बरोबर आहे," मृणाल म्हणाली. ती खाली बसली आणि अगदी सहज म्हणाली, "म्हणूनच सांगून टाकते. त्या जोडीतली एक माझ्याकडे पोचली आहे."

"आणि दुसरी बाटली?" मधुकरच्या तोंडून निघून गेलं.

राठौरांनी मान वर केली. "बाटली? बाटली का नाम किसने लिया?"

कुणीच घेतलं नव्हतं. मृणालला देवघरातल्या त्या दोन वाटोळ्या खुणा तेवढ्या ठाऊक होत्या. तिच्याकडे काहीही पोचलेलं नव्हतं.

मधुकरनं एकदा दाराकडे पाहिलं. दारात शिपाई उभा होता. मग तो सरांच्या समोरच्या खुर्चीत, न चेपलेल्या गादीवर, मटकन बसला.

हळूहळू सगळं बाहेर आलं. कारखान्याचा गाळ तो एका वस्तीजवळच्या खड्ड्यात टाकत होता. तो झिरपून विहिरीत उतरला. पोरं आजारी पडायला लागली, तेव्हा तिथला एक माणूस पाणी घेऊन भय्यासाहेबांकडे आला. वासावरूनच त्यांनी ओळखलं. स्वतः जाऊन त्यांनी विहिरीच्या पाण्याच्या दोन बाटल्या भरून सील केल्या आणि पोलिसांकडे जायच्या आधी मधुकरला बोलावलं. तू आपण होऊन कबूल कर, विहीर बंद करून घे, नाहीतर मी इंदूरच्या सरकारी प्रयोगशाळेत बाटल्या देतो, असं त्याला सांगितलं.

"मला थोडे दिवस हवे होते," मधुकर म्हणाला. "विहीर बुजवून टाकली असती. मग त्या बाटल्यांखेरीज पुरावा कुठे होता? ते बाजारात गेलेले बघून मी शिरलो, मिळाल्या नाहीत. काल संध्याकाळी परत आलो, तर सरच नव्हते."

"फिर चप्पलें घाट पर क्यों?" राठौरांनी विचारलं.

उत्तर मृणालनं दिलं. "सर कुठे आहेत ते याला माहीत नव्हतं. बुडाल्याची आवई उठली की अख्खं गाव, अख्खं पोलीस खातं शोधायला लागतं. कुणालाही ते दिसले तरी बातमी आधी तुमच्याकडे येणार, आणि तुमच्या शेजारी हा रडत उभाच होता. शिवाय सर सापडले असते, तरी जीव द्यायला निघालेल्या वेड्या म्हाताऱ्याच्या बाटल्यांवर विश्वास कोण ठेवणार?"

मधुकरनं नाही म्हटलं नाही. "देवास गेटच्या स्टँडवर माझा माणूस उभा आहे," तो पुटपुटला. "फक्त झोळी काढून घ्यायला सांगितलंय. सरांना हात लावायचा नाही म्हणून बजावलंय त्याला."

राठौर उठले. मधुकरला शिपायाच्या हवाली करून त्यांनी जीप काढली. काल दुपारी निघून इंदूरची सरकारी कचेरी वेळेत गाठता आली नसती, आज ती बंद, रंगामुळे गाड्याही बंद. तेव्हा सर उद्याच्या पहिल्या बसची वाट बघत स्टँडजवळच कुठेतरी असणार, असं मृणालनं वाटेत सांगितलं. स्टँडवर पोलिसांना बघताच पानाच्या टपरीआडून एक माणूस पळाला आणि रंगाच्या चिखलात घसरून शिपायांच्या हाती लागला.

तिसऱ्या धर्मशाळेत भय्यासाहेब सापडले. ओसरीवर राजस्थानकडच्या यात्रेकरूंचा गोतावळा उतरला होता. त्यांच्यात, भिंतीला टेकून, मांडीवर झोळी घेऊन ते बसले होते. पायांत कॅनव्हासचे बूट होते. चष्मा नसल्यामुळे मृणाल अगदी जवळ येईपर्यंत त्यांनी ओळखलं नाही.

"सर."

"आलीस?" ते म्हणाले. "चष्मा शोधतोय बघ कालपासून. घाईत घरीच राहिला वाटतं."

राठौरांनी झोळी उघडून पाहिली. दोन्ही बाटल्या होत्या, लाख लावून बंद केलेल्या. त्यांनी त्या जपून जीपकडे नेल्या.

"थेट माझ्याकडे का नाही आलात?" मृणालनं विचारलं.

"मधुकरनं पहिल्यांदा तुझ्याकडेच शोधलं असतं." मग ते म्हणाले, "आणि खरं सांगायचं तर तुझं घर मला ठाऊक नाही. माधव नगरात राहतेस, एवढंच ऐकून होतो."

तिनं वाकून त्यांच्या बुटाची सुटलेली नाडी बांधली.

"मधुकर काय म्हणाला?"

"सगळं कबूल केलं त्यानं."

भय्यासाहेबांनी अंगणातल्या चुलीकडे पाहिलं. यात्रेकरू बायका मोठ्या परातीत पीठ मळत होत्या.

"त्याला शिक्षा व्हायलाच हवी," ते म्हणाले. "पोरं आजारी आहेत तिथली. पण तुला सांगतो, अहल्या गेल्यावर तो एकटाच येत राहिला. दर रविवारी, चार वाजता. माझ्या हातचा पांचट चहा प्यायचा, कारखान्यातल्या अडचणी विचारायचा. त्याच्यासाठी म्हणून मी बिस्किटं आणून ठेवायचो. मागचं दार उचकटलेलं बघितलं तेव्हा मी पहिल्यांदा तो बिस्किटांचा डबाच बघितला. त्यानं तोसुद्धा उघडला होता गं, शोधताना."

त्यांचा आवाज तुटला नाही. नुसता बारीक होत गेला. मृणाल त्यांच्याशेजारी सतरंजीवर बसली.

"उद्या इंदूरला साहेबांबरोबर आपण दोघं जाऊ," ती म्हणाली. "आणि रविवारी मला सुट्टी असते, सर."

त्यांनी तिच्याकडे पाहिलं. नीट दिसत नव्हतं, म्हणून डोळे बारीक करून पाहिलं.

"चहा पांचट असतो," त्यांनी बजावलं.

"मी करीन."

अंगणातून एका म्हातारीनं हाक मारली. पंगत बसत होती आणि वाढपी पानं मोजत होता. भय्यासाहेबांनी हात वर केला आणि आपल्या शेजारी आणखी एक पान मांडायला सांगितलं.