मेबल क्रॅडक येते

आमचं घर नेदरलँड्समध्ये, रायस्वाइकला, तिसऱ्या मजल्यावर. खाली कालवा, समोर ट्रामचा थांबा. माझी बायको वैदेही स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसून जुन्या अमेरिकन काउबॉयपटांना मराठी सबटायटल्स लिहायची. ज्यांना ऐकू येत नाही त्यांच्यासाठी आवाजही लिहायचे असत, चौकटी कंसात.

[वारा. लांब कुठेतरी घोडे.]

या सिनेमांत मेबल क्रॅडक नावाची एक नटी सारखी दिसे. कधी शाळेतली बाई, कधी शेरीफची बहीण, कधी खाणावळवाली. श्रेयनामावलीत नाव शेवटी, एकदा तर चुकीचं छापलेलं. बारा-चौदा वर्षं तिने एकच काम केलं. नायकाला कॉफी द्यायची, दारापाशी जायचं, "आय ॲम गोइंग" म्हणायचं आणि बाहेरच्या उन्हात नाहीसं व्हायचं. पुढे तिचं काय झालं, सिनेमात कुणी विचारत नसे.

"डिपेंडंट व्हिसावर आलेली दिसते," वैदेही हसायची. "माझ्यासारखी."

मेबलच्या वाक्याचं भाषांतर तिने केलं: येते.

पुण्याहून मजकूर तपासणाऱ्या अस्मिताचा फोन आला. स्पीकरवर होता.

"अगं, ती बाई निघालीये. येते काय? जाते लिही."

"घरातून निघताना कुठली बाई जाते म्हणते गं? अभद्र."

लिहिलेलं वाक्य वैदेही मोठ्याने वाचून बघायची. "येते." आणि मी लॅपटॉपवरून मान न उचलता म्हणायचो, "ये." सवयच ती.

[दार उघडतं.]

आधी धूळ आली. बाहेर भुरभुर पाऊस, खिडक्या बंद, आणि ओट्यावर तांबूस, कोरडी माती. मी रॉटरडॅमच्या बंदरासाठी सॉफ्टवेअर लिहितो. मला कारण लागतं. व्हेंटिलेशनची जाळी काढून धुतली. मग करपलेल्या कॉफीचा वास यायला लागला. आम्ही दोघंही चहावाले.

एकदा वैदेहीने मला हाक मारली. पडद्यावर मेबल दारापाशी गेली, वाक्य म्हणाली आणि बाहेर गेलीच नाही. वळून आमच्याकडे बघत राहिली. तिच्यामागे नायक रिकाम्या खुर्चीशी बोलतच होता.

"काल ती बाहेर गेली होती, राघव. मी लिहिलंय की, दार बंद होतं म्हणून."

"दुसरी प्रिंट असेल."

"फाइल तीच आहे."

पुढच्या सिनेमात ती इतकी जवळ होती की गालावरची पावडर दिसत होती. त्याच्या पुढच्या सिनेमात कपातून वाफ निघत होती. कप देणारं कुणी नव्हतं.

[वारा थांबतो.]

रविवारी दुपारी वैदेहीने सगळ्या फायली उघडल्या आणि एकेक 'येते' खोडून 'जाते' केलं. शेवटचं सवयीने मोठ्याने वाचलं. या वेळी मी 'ये' म्हणालो नाही.

तिने सायकलची किल्ली बोटात अडकवली.

"कोथिंबीर संपलीये. जाते."

"वैदेही, येते म्हण."

तिने दार उघडलं. बाहेर ऊन होतं. इतकं ऊन इथे पडत नाही.

[दार बंद होतं.]

पोलिसांनी कालव्यातही शोधलं. तिची सायकल खाली, कुलूप लावलेलीच आहे.

मी सिनेमे लावत राहिलो.

काल ती दिसली. झालरीचा झगा. नायकासमोर कॉफी ठेवते. तो वर बघत नाही. दारापाशी जाते. बोटात सायकलची किल्ली.

ओठ हलतात. खाली तिचंच भाषांतर.

जाते.

"ये," मी पडद्याला म्हणालो. "ये गं. ये."

मागे ओट्यापाशी कप वाजला.

"आले ना," कुणीतरी म्हणालं. शब्द जपून, नुकतेच शिकल्यासारखे.