गोजाबाईंची मिटलेली मूठ

दार उघडलं तेव्हा चिंतामणरावांच्या उजव्या खांद्यावर आठ महिन्यांची नात होती आणि डाव्या खांद्यावर तिनं नुकतंच परत केलेलं दूध.

दारात पांढऱ्या गणवेशातली एक मुलगी उभी होती. डोळे रडून सुजलेले.

"तपास करणाऱ्या ज्ञानदाताई इथेच राहतात ना?"

"इथेच. मी त्यांचा सहायक," चिंतामणराव जमेल तितक्या रुबाबात म्हणाले. सईनं नेमका त्याच वेळी त्यांचा चष्मा ओढला.

जिल्हा परिषदेतून ते हेडक्लार्क म्हणून निवृत्त झाले, आणि त्याच वर्षी सुनेनं जुळे सोलापुरातल्या घराच्या पुढच्या खोलीत तपासाचं ऑफिस थाटलं. सहायकाच्या पदावर त्यांनी स्वतःची नेमणूक स्वतःच करून घेतली. कामं दोन: टिपणं काढायची आणि सईला सांभाळायचं. त्यातलं दुसरं त्यांना फार छान जमायचं.

ज्ञानदा पदराला हात पुसत बाहेर आली. "बस गं. आधी पाणी पी, मग बोल."

मुलीचं नाव सृष्टी. शहरातल्या एका हाडांच्या दवाखान्यात ती तीन महिन्यांपूर्वी नर्स म्हणून लागली होती.

"ताई, मी सांगोल्याकडची. धनगराची पोर. आमच्या वस्तीवरची पहिली नर्स. आणि आज माझ्यावर आळ आलाय, आमच्याच बिरोबाचा चांदीचा टाक चोरल्याचा."

त्या दिवशी दुपारी बारा वाजता गोजाबाई नावाच्या म्हातारीच्या उजव्या मनगटाचं ऑपरेशन झालं होतं. पूर्ण भूल दिली नव्हती, फक्त हात बधिर केला होता. म्हातारी जागी होती. आत नेण्याआधी सृष्टीनं बांगड्या, बोरमाळ सगळं उतरवून मुलाकडं दिलं. गळ्यातली देवाची पिशवीही दिली.

"पिशवी रिकामी निघाली. म्हातारी म्हणते, देव तिनं मुठीत धरला होता. मला तर ठाऊकच नव्हतं! ती घाबरली होती, म्हणून ऑपरेशनभर मी तिचा डावा हात हातात धरून बसले होते. तळव्याला तळवा लावून. त्यात काही नव्हतं, ताई. पण आता सगळे म्हणतात, हात हिनंच धरला होता, मग देव नेणार कोण?"

"आणि दवाखान्याचे मोठे डॉक्टर?"

"सहापर्यंत सापडला नाही तर मुलगा पोलिसात जाणार. मोठे डॉक्टर म्हणाले, मग उद्यापासून येऊ नकोस. वस्तीवर कुठल्या तोंडानं जाऊ?"

घड्याळात तीन वाजले होते. ज्ञानदानं सईची दुपटी पिशवीत टाकली. "चला बाबा."

*

गोजाबाई खाटेवर आडव्या होत्या. कपाळावर भंडाऱ्याची पिवळी बोटं, चेहरा उन्हानं रापलेला. ऑपरेशनचा हात चादरीखाली होता.

"ये लेकी. पोर तुजी का? लई गोड हाय की!" देव हरवल्याचं दुःख त्यांनी सईपुरतं बाजूला ठेवलं.

"आजी, देव मुठीत का धरलात?"

"मग काय दुसऱ्याच्या हाती देऊ? सासूनं दिल्याला टाक हाय. रोज भंडाऱ्यात ठिवायचा, रोज पुसायचा. त्यो संगं आसला की भ्या वाटत न्हाय."

"आणि मूठ?"

"घट्ट मिटल्याली! हात आसा छातीवर, मूठ मिटल्याली. येकदाबी सोडली न्हाय. खोलीत आणल्यावर देव मागितला, तर समदी म्हनत्यात, हातात कायबी न्हाय." त्या मान जराशी उचलून कुजबुजल्या, "आन् येक गंमत सांगू? माजा हात हितं छातीवर, आन् डाक्टर पडद्याआड तिकडं बाजूला ठोकाठोकी करत व्हते. कुणाचा हात ठोकत व्हते कुणाला ठावं!"

चिंतामणराव फिसकन हसले. वहीत लिहिलं : 'म्हातारी भ्रमात. जबाब बिनकामाचा.'

ज्ञानदा हसली नाही. तिनं चादरीकडं एकदा पाहिलं आणि उठली.

बाहेर बाकावर गोजाबाईंचा मुलगा येडू धुमसत बसला होता. खांद्यावर काळी घोंगडी, मांडीवर भलीमोठी पिशवी. घोंगडीवर पांढरट भुकटी सांडली होती, ती झटकत तो म्हणाला, "नर्सबाईला सोडणार न्हाय मी. आपल्यातली म्हणून इस्वास टाकला!"

"मनगट मोडलं कसं हो?" ज्ञानदानं विचारलं.

"मेंढ्यानं ढुशी दिली की. आय आन् मेंढा, दोगंबी वढ्यात. आयचं मनगाट गेलं, मेंढ्याचा फुडला पाय."

"अरेरे! मग मेंढ्याचंही ऑपरेशन का?" चिंतामणरावांनी विचारलं.

"ते आमी घरी करतो," येडू म्हणाला आणि पिशवी जरा जवळ ओढली. "तुमी देवाचं बगा."

*

भूल देणारे डॉक्टर अनीश तरुण होते आणि आपल्या यंत्रावर त्यांचा जीव होता. पडद्यावर त्यांनी स्वतःच्याच गळ्याचं चित्र दाखवलं.

"हे गोल, धडधडणारं दिसतंय ना? ती धमनी. आणि तिच्या कुशीला हा द्राक्षांचा घड."

"अगदी तसाच की!" चिंतामणराव हरखले. सईनंही पडद्याकडं बोट केलं.

"या हाताच्या नसा. पूर्वी अंदाजानं सुई घालायचे. आता सुईचं टोक पडद्यावर दिसतं. घडाभोवती औषध सोडायचं की झालं. वीस मिनिटांत हात लाकडाचा ओंडका. आधी गार-गरम कळेनासं होतं, मग बोटांतलं बळ जातं, आणि शेवटी हात कुठं आहे तेच माणसाला कळत नाही."

"ती वीस मिनिटं आजींचा हात कुठे होता?"

"छातीवर. कच्च्या प्लॅस्टरसकट. दुखत होतं म्हणून त्यांनी दुसऱ्या हातानं तसाच धरून ठेवला होता. मी शेजारीच होतो. कुणी जवळ आलं नाही. मग आत नेऊन हात बाजूच्या फळीवर ठेवला, प्लॅस्टर सोडलं, हात धुऊन औषधानं रंगवला, मध्ये पडदा लावला."

"प्लॅस्टर कुणी सोडलं?"

"सिस्टर सृष्टीनी."

सृष्टी दाराशीच होती. ज्ञानदानं तिला विचारलं, "जुनं प्लॅस्टर कुठं गेलं गं?"

"ते... टाकलं." सृष्टी फरशीकडं बघत म्हणाली. कानाच्या पाळ्या लाल झाल्या होत्या.

चिंतामणरावांनी वहीत लिहिलं : 'काहीतरी लपवते!' आणि खाली दोन रेघा ओढल्या.

मागच्या अंगणात ईरम्मा कपडे वाळत घालत होती. दवाखान्याची धुणी आणि कचरा दोन्ही तिच्याकडं.

"अय्यो, ह्यो टॉवेल बघा की बाई! सुई टोचायच्या खोलीतला. बधिर करायच्या हाताखाली, छातीवर अंथरतात. तितं रक्त कधी सांडत न्हाय. मगाशी पिवळं दिसलं, म्हटलं औषध आसंल. साबण लावला तर लालभडक!"

चिंतामणराव शहारले. "ज्ञानदा, झटापट झालीय इथे! हे रक्त—"

"बाबा, मागच्या आठवड्यात सईच्या झबल्यावर वरणाचं बोट उमटलं होतं. कुणी धुतलं?"

"मीच. साबण लावल्यावर..." ते डोकं खाजवू लागले. काहीतरी जुळत होतं, पण काय ते त्यांना नीट उमगलं नव्हतं.

"ईरम्मा, आजचं प्लॅस्टरचं पोतं कुठंय?"

"हे काय. रिकामं. आज येकबी तुकडा आला न्हाय."

ज्ञानदाच्या गालाला खळी पडली. ती खळी पडली की चहा टाकायला हरकत नसते, एवढं चिंतामणरावांना अनुभवानं माहीत होतं.

*

साडेचारला गोजाबाईंच्या खाटेभोवती सगळे जमले. मोठे डॉक्टर दाराशी हाताची घडी घालून उभे होते. येडू पिशवीसकट आला होता.

"आजी," ज्ञानदा म्हणाली, "देव कुठल्या मुठीत धरला होता?"

"म्हंजे काय? उजव्या! डाव्या हातात देव धरत्यात व्हय?"

सगळ्यांच्या नजरा चादरीखालच्या हाताकडं गेल्या.

"हे कुणी विचारलंच नव्हतं," ज्ञानदा म्हणाली. "उजवं मनगट मोडलेलं. म्हणून सगळे धरूनच चालले की देव धडक्या, डाव्या हातात असणार. सृष्टीनं डावा हात धरलेला, म्हणून चोर सृष्टी. पण मनगट मोडलं तरी आजींची बोटं शाबूत होती. प्लॅस्टरच्या तोंडाशी देव धरून त्यांनी ती मिटली. साक्ष हवी? ईरम्माचा टॉवेल. उजव्या हाताखालचा. पिवळा डाग साबणानं लाल होतो तो हळदीचा. भंडारा म्हणजे हळदच की!"

"हात्तिच्या! वरणाचा डाग!" चिंतामणराव कपाळावर हात मारून ओरडले. सई दचकली आणि मग खुदकन हसली.

"पन मूठ मी सोडली न्हाय," गोजाबाई हट्टानं म्हणाल्या.

"आजी, डोळे मिटा. आता सांगा, उजवा हात कुठं आहे?"

"ह्यो काय. छातीवर. मूठ मिटून."

"उघडा डोळे." ज्ञानदानं चादर बाजूला केली. हात बाजूच्या उशीवर पसरला होता, बोटं फुलासारखी उघडी.

"आगं बया!" गोजाबाई हाताकडं बघतच राहिल्या. "ह्यो कुणाचा हात?"

"तुमचाच," डॉक्टर अनीश हसून म्हणाले. "नसा झोपल्या की मेंदूला नवी खबर मिळत नाही. हात शेवटी जिथं होता, जसा होता, तसाच वाटत राहतो."

"म्हणजे आजी खरं बोलल्या, आणि सृष्टीही," ज्ञानदा म्हणाली. "बोटांतलं बळ गेलं तेव्हा मूठ आपोआप सुटली. जवळ कुणी आलं नव्हतं. टाक टॉवेलवर पडला असता तर ईरम्माला सापडला असता. तो तळवा आणि प्लॅस्टर यांच्यामधल्या कापसात घसरला. प्लॅस्टर निघालं, त्याच्याबरोबर देवही निघाला."

"मग पोतं तपासा!" मोठे डॉक्टर म्हणाले.

"पोतं रिकामं आहे, सर. सृष्टी, मी सांगू की तू सांगतेस?"

सृष्टीनं मान खाली घातली. "मी ते यांना दिलं. नियमात बसत नाही, ठाऊक आहे. पण मेंढ्याच्या पायाला बांधायला म्हणून यांनी हात जोडले. मेंढ्याचा पाय मोडला तर कळपामागं चालता येत नाही. मी लहानपणी असे मेंढे गेलेले पाहिलेत. म्हणून मी गप्प होते."

सगळ्या माना येडूकडं वळल्या. तो घोंगडीवरच्या पांढऱ्या भुकटीकडं बघत होता.

"येड्या," गोजाबाई म्हणाल्या, "पिशवी उघड."

पन्हळीसारखं वळलेलं प्लॅस्टर बाहेर आलं. येडूनं कापूस उलगडला. बोटभर उंचीचा, हळदीनं माखलेला बिरोबा घोड्यावर बसून निवांत बाहेर आला.

"म्हंजे चोर मीच की!" येडू म्हणाला. त्यानं सृष्टीपुढं सरळ डोकं टेकलं. "बाय, माजं तोंड फोड."

"पाय आधी बांध मेंढ्याचा," सृष्टी रडत रडत हसली.

"त्यासाठी नवं प्लॅस्टर देतो," मोठे डॉक्टर घसा साफ करत म्हणाले. "हे वापरलेलं पोत्यात जाऊ दे. आणि सिस्टर, उद्या सकाळची ड्यूटी आहे तुमची. वेळेवर या."

येडूनं टाक आईपुढं धरला. गोजाबाईंनी उजवा हात उचलून पाहिला. तो जागचा हलेना. डावा पुढं झाला आणि अर्ध्यातूनच मागं आला.

"डॉक्टर, ह्यो हात जागा कवा हुईल?"

"रात्री आठपर्यंत."

"मग लेकी," त्या सृष्टीला म्हणाल्या, "तवर तू धर. उजव्या हातात. मूठ मिट. दुसऱ्या कुणाला द्यायचा न्हाय."

सृष्टीनं हात पुढं केला. टाक तळव्यावर आला, बोटं मिटली. गोजाबाईंनी डाव्या हातानंच ती मूठ वरून थोपटली.

तेवढ्यात बाहेरून कुणीतरी हाक मारली, "सिस्टर, चार नंबरची सलाईन संपलीय!"

"दुसऱ्या कुणाला तरी सांगा," सृष्टी खाटेवर बसकण मारत म्हणाली. "माझा हात गुंतलाय."