खुरैसनाचं वर्ष

नववर्षाच्या सकाळी कांगला राजवाड्याच्या अंगणात सारं मणिपूर लोटलं होतं, आणि तरीही राजाची पापं नि अरिष्टं वर्षभरासाठी आपल्या शिरावर घ्यायला एकही माणूस पुढे येत नव्हता! एरवी या मानासाठी केवढी चढाओढ... कारण ती पापं घेणाऱ्याचंच नाव त्या वर्षाला मिळे. पण राजा तोंलेनसना गादीवर बसला आणि लगेच भातं करपली, ब्रह्मी फौजा सरहद्दीवर आल्या. असल्या राजाचं दुर्दैव अंगाला कोण लावून घेणार?

थोरल्या खुरैसनाने गादीवरच्या धाकट्या भावाचे थरथरणारे ओठ पाहिले, आणि आपला डावललेला हक्क, दरबारातले टोमणे, सारं सारं तो विसरला.

"मी घेतो."

"वा, तादा!" राजा थोरल्या भावाकडे बघून कडवट हसला. "गादी नाही, तर निदान वर्षावर तरी नाव लागेल, असंच ना?"

"तसं समज, बाबा. पण घेऊ दे."

त्या दिवसापासून राजाने भावाचं तोंड पाहिलं नाही. तापाची साथ आली, तेव्हा लोक खुरैसनाच्या दारावर थुंकून जाऊ लागले. "तुला काय नडलं होतं रे?" म्हणून इमा रडे. तो आईचे डोळे पुसे, आणि धाकटा सुखरूप आहे ना, एवढंच विचारी.

कापणीआधीच ब्रह्मी फौज राजधानीत शिरली. पळता राजा नदीकाठी पोचला, तर होडीपाशी खुरैसना घोडा धरून उभा! राजाने तलवार उपसली.

"मला पकडून द्यायला आलास?"

"तुझी पगडी दे. ती बघून ते माझ्या मागे लागतील. तू होडीत बस."

"तादा... मारतील रे तुला!"

"वर्ष सरायचंय अजून, वेड्या. तुझ्यावर येईल ते माझंच."

तोंलेनसनाच्या हातून तलवार गळून पडली. "मी तुला काय काय बोललो!" म्हणत त्याने भावाच्या पायांवर डोकं ठेवलं, आणि खुरैसनाने त्याला उठवून उराशी घट्ट धरलं. मग पगडी स्वतःच्या डोक्यावर बसवली.

"कशी दिसते?"

"तुझीच होती ती, तादा..." धाकटा हुंदक्यांतून म्हणाला.

खुरैसना घोड्यावर चढला, आणि शत्रूच्या नजरेसमोरून दक्षिणेकडे निघून गेला. तो परत आला नाही.

तोंलेनसना कछारच्या परमुलखात म्हातारा झाला. गादी त्याला पुन्हा मिळाली नाही.

"आजोबा, तुम्ही राजे कधी होतात?" नातवंडं विचारत.

तो म्हणे, "खुरैसनाच्या वर्षी."