तिसऱ्या अंकातलं पन्हं

पद्मा आली तेव्हा दुपार तापून पांढरी पडली होती. डोंगराकडच्या वणव्याचा धूर सिडनीजवळच्या पॅरामॅटावर उतरला होता. त्यातून सूर्य जुन्या तांब्याच्या पैशासारखा दिसत होता, बघवेल असा आणि बघू नये असा.

ती खुर्चीत बसली आणि तिने उजवा हात डाव्या हाताखाली झाकून घेतला.

"मी वेस्टमीड हॉस्पिटलात नर्स आहे. सध्या घरी बसवलंय. मला एवढंच शोधून द्या, माझ्या हातून चूक झाली का."

निहारिकाने पाण्याचा ग्लास पुढे केला. विम्याचे खोटे दावे तपासण्यात तिची बरीच वर्षं गेली होती. आता स्टेशनसमोर तिचं स्वतःचं छोटं डिटेक्टिव्ह ऑफिस होतं. तिथे कुमारमामाही असायचा. सख्खा मामा, बँकेतून निवृत्त. गाडी चालवायचा आणि प्रत्येक प्रश्न दोनदा विचारायचा.

"चूक कसली?" मामाने विचारलं.

"शनिवारी आमच्या नाटकाची रंगीत तालीम होती. विश्रामकाका स्टेजवर कोसळले. आयसीयूत आहेत, शुद्ध नाही. रक्तातली साखर पार तळाला गेली होती. आणि इन्सुलिन मी टोचलं होतं."

"तू का टोचलंस?"

पद्माने सगळं सांगितलं.

नाटक सलिलचं होतं. तो युनिव्हर्सिटीत नाट्यशास्त्र शिकवायचा. दीडशे वर्षांपूर्वी युरोपातल्या ज्या नाटककारांनी रंगवलेले पडदे फेकून स्टेजवर खरी दारं आणली, खरे आजार आणले, माणसांना घरात बोलतात तसं बोलायला लावलं, त्यांच्या रीतीवर त्याने स्वतः एक नाटक लिहिलं होतं. एका आजारी बापाच्या घराचं. त्या घरात खोटं काही चालत नव्हतं. दिवा खरा, कुलूप खरं, जेवण खरं.

"तिसरा अंक जेवणाच्या टेबलावर उघडतो. बाप म्हणजे विश्रामकाका, मी मुलगी, राघव जावई. बापाने वाटीभर श्रीखंड खायचं, ग्लासभर पन्हं प्यायचं. काकांना डायबेटिस. म्हणून ते मध्यंतरात त्या गोडापुरतं इन्सुलिन घ्यायचे. कॉस्च्यूमच्या बाह्या घट्ट, म्हणून टोचायचे मी. आठ युनिट. नेहमी आठ."

"शनिवारी?"

"आठच. आठच असणार. पण डोळे मिटले की अठरा दिसतात. ते इन्सुलिनचं पेनही त्या गोंधळात कुठे गेलं, सापडत नाही."

"श्रीखंड कुणी केलं होतं?"

"मीच. भरपूर साखर घालून. पन्हंही माझंच."

"आणि काकांना त्रास होतोय हे कुणाला कळलं नाही?"

पद्माने खिडकीकडे बघितलं. "अंकाच्या शेवटी बापाला झटका येतो. काका थरथरायला लागले, घामाघूम झाले, जीभ जड झाली. मी शेजारी बसले होते, ताई. मी नर्स आहे. आणि मला वाटलं, आज काकांना भूमिका सापडली."

खाली रस्त्यावर लाइट रेलच्या ट्रामची घंटा वाजून गेली.

"त्यांच्या बायकोने, सुनेत्राकाकूंनी, मला वॉर्डात यायला मनाई केलीय. मी खाली कार पार्कमध्ये गाडीत बसून असते. तेवढंच जवळ."

*

हॉल नदीकाठी होता. मागच्या झाडांवर वटवाघळं उलटी टांगलेली, हजारोंनी. उन्हाने कासावीस होऊन पंखांनी वारा घेत होती. त्यांच्या कलकलाटाखालून चारुताने दार उघडलं. ती युनिव्हर्सिटीत सलिलची विद्यार्थिनी होती आणि नाटकातलं सामानसुमान तीच सांभाळायची.

आत एक घर उभं होतं. तीन भिंतींचं. चौथी नव्हती, आणि तिथूनच सगळे आत बघत होते. टेबलावर पांढरा टेबलक्लॉथ होता. त्यावर दोन ठिकाणी पिवळट डाग.

"हे धुतलं नाहीस?" निहारिकाने विचारलं.

"सरांनी हात लावू दिला नाही. म्हणाले, डाग राहू दे, शोच्या वेळीही हाच लावू, हा खरा आहे. वाट्या-ग्लास मात्र त्यांनी स्वतः धुतले. फर्स्ट टाइम एव्हर. एरवी स्वतःचा कॉफी मगसुद्धा तसाच टाकून जातात."

"डाग कसले?"

"पन्ह्याचे. एक विश्रामकाकांच्या ग्लासचा, ते पडले तेव्हाचा. दुसरा राघवचा. तो धावला, त्यात त्याचा कलंडला."

कुमारमामा टेबलाला हात टेकून उभा होता. त्याने हात उचलला तसं कापडही वर आलं.

"श्शी. चिकटतंय. आणि मुंग्यांनी इथे लग्न मांडलंय."

"ती कुणाची जागा, मामा?"

"चारुता, कुणाची गं?"

"राघवची."

निहारिकाने बापाच्या जागेवरच्या डागावरून बोट फिरवलं. कापड तिथे मऊ होतं, घडी पडली तरी मोडत नव्हतं. दोन-तीन मुंग्या वाट चुकल्यासारख्या येऊन माघारी गेल्या.

"मध्यंतरात टेबल कोण मांडतं?"

"मी. एकाच डब्यातून श्रीखंड तीन वाट्यांत, एकाच जगमधून पन्हं तीन ग्लासांत. मग काकांचा कोट त्यांच्या खुर्चीवर अडकवायचा. खिशात जेली बीन्सच्या गोड गोळ्यांचं पाकीट ठेवायचं, साखर उतरली तर हाताशी असावं म्हणून. शनिवारीही ठेवलं होतं. आय स्वेअर."

"नंतर स्टेजवर कोण असतं?"

"कुणी नाही. म्हणजे, सर असतात." ती हसली. "ते खुर्ची गरम करतात. पडदा उघडायच्या आधी प्रत्येकाच्या खुर्चीत बसून घेतात. म्हणतात, थंड खुर्ची खोटी असते, माणूस आत्ताच येऊन बसलाय हे प्रेक्षकाला कळतं. आम्हाला सगळ्यांना आता सवय झालीय."

"प्रॉम्प्टिंग तूच करतेस ना? त्या दिवशी काका वाक्यं विसरले?"

चारुताचं हसू मावळलं. "विसरले. मी शब्द द्यायला गेले तर सरांनी माझ्या मनगटावर हात ठेवला. थांब म्हणाले."

*

राघव एका बँकेत आयटीत होता. ऑफिसखालच्या कॅफेत भेटला. कॉफी निवत होती, त्याचं लक्ष नव्हतं.

"सगळे म्हणतील राघवला बापाचा रोल हवा होता," तो म्हणाला. "हवाच होता, मेट. पण असा नको."

"बापाचं काम तुला पाठ आहे?"

"पाठ आहे. म्हणून तर कळलं की काका वाक्यं सोडतायत. शिवाय त्यांनी कोटाच्या खिशात हात घातला. शोधत राहिले, शोधत राहिले, हात रिकामा बाहेर आला. स्क्रिप्टमध्ये तसलं काही नाही. मला वाटलं, सलिल आता ओरडणार."

"ओरडतो?"

"एवढंसं चुकलं की अंधारातून आवाज येतो, 'खोटं.' दोन महिने मी तो आवाज ऐकत झोपलोय. शनिवारी तिसऱ्या अंकात एकदाही आला नाही."

"सुटलास म्हणायचं," मामा म्हणाला.

राघवने मान हलवली. "नाही हो मामा. तो आवाज आला असता तर आम्ही थांबलो असतो."

*

सलिल स्टेजवरच भेटला. बापाच्या खुर्चीत. आवाज मऊ होता, अंगाईला लावावा तसा.

"पद्माला दोष देऊ नका," तो म्हणाला. "माणूस थकतो, आकडा इकडचा तिकडे होतो. वाटीभर श्रीखंड खाऊनही साखर उतरली, म्हणजे डोस जास्त झाला. तिला मी तेच सांगितलं. स्वतःला माफ कर म्हटलं."

"तिला तुम्ही सांगितलंत?"

"कुणीतरी सांगायला हवं होतं."

"विश्रामकाका तुम्हाला नट म्हणून कसे वाटायचे?"

सलिलने टेबलावरचा दिवा किंचित सरकवला.

"चांगला माणूस. पण मरण करून दाखवायचा. छाती धरायचा, डोळे फिरवायचा. ज्यांनी हे असलं नाटक जन्माला घातलं त्यांनी याच्याशीच भांडण मांडलं होतं. एकाने तर स्टेजवर खरं मांस टांगलं. लोक ओकारी येऊन उठले, पण परत आले. कारण एकदा खरं बघितलं की रंगवलेलं गोड लागत नाही."

"आणि शनिवारी?"

"आधी बोटं थरथरली," सलिल हळू म्हणाला. "मग घाम, ओठावर. मग शब्द विरघळले. मग तो हात खिशात गेला आणि रिकामा आला." त्याने डोळे मिटले. "किती रिकामा."

बाहेर आल्यावर मामा म्हणाला, "बिचारा. मनाला फार लागलंय त्याच्या."

"हो मामा," निहारिका म्हणाली. "पण कुठल्या बाजूने लागलंय, ते बघायचंय. गाडी पोलीस स्टेशनकडे घे."

*

चार दिवसांनी दुपारी सगळे हॉलमध्ये जमले. धुराने खिडक्या पिवळ्या पडल्या होत्या. सुनेत्राकाकू पहिल्या रांगेच्या एका टोकाला, पद्मा दुसऱ्या. मध्ये रिकाम्या खुर्च्या. मागे साध्या कपड्यांतल्या एक पोलीस अधिकारी, आणि त्यांच्या कानाशी लागून भाषांतर करणारा कुमारमामा.

निहारिका स्टेजवर टेबलापाशी उभी राहिली.

"सगळे एकच विचारत होते, इन्सुलिन जास्त कसं गेलं. ते जास्त गेलंच नाही. पेन सापडलं नसलं तरी पद्माने आठच युनिट दिलं. बरोबर दिलं. पण ते ज्या गोडासाठी दिलं होतं, ते गोड आलंच नाही."

"श्रीखंड मी बघितलं खाताना," सुनेत्राकाकू म्हणाल्या. "मी इथेच बसले होते."

"जिभेला गोड होतं, काकू. रक्ताला नव्हतं. साखरेऐवजी शुगर-फ्री गोळ्यांचा गोडवा होता त्यात. हे दोन डाग बघा. राघवचं पन्हं वाळून कडक झालं, मामाचा हात चिकटला, मुंग्या आल्या. साखरेचं पन्हं असंच वाळतं. काकांचं वाळलं तरी कापड मऊ राहिलं, मुंग्यांनीही तोंड फिरवलं. पन्हं एकाच जगमधून ओतलेलं. म्हणजे ओतल्यानंतर काकांचा ग्लास बदलला. ग्लास बदलणाऱ्याने वाटी का सोडली असती? पोलिसांनी दोन्ही डागांवरून कापडाचा एकेक तुकडा कापून नेला होता, त्यांची तपासणी झालीय. काकांच्या बाजूला साखर नावापुरती आहे, कैरीत असते तेवढी."

राघवने चारुताकडे बघितलं. चारुताचा चेहरा उतरला. "टेबल मी मांडलं होतं," ती म्हणाली.

"तू मांडलंस. आणि तूच खिशात जेली बीन्स ठेवल्यास, तूच काकांना शब्द द्यायला गेलीस. ज्याला काका कोसळायला हवे होते, त्याने ते केलं नसतं. शिवाय वाट्या धुताना तू हा टेबलक्लॉथही भिजत टाकला असतास. कुणीही टाकला असता. जगात एकच माणूस असा, ज्याला पुरावा धुवायचं सुचलं आणि डाग धुववला नाही, कारण डाग खरा होता."

निहारिका सलिलकडे वळली.

"टेबल मांडल्यावर एकटे तुम्ही स्टेजवर असायचात, खुर्च्या गरम करायला. ग्लास आणि वाटी तिथे बदलली. कोट त्याच खुर्चीला अडकवलेला होता. खिशातलं पाकीट तुम्ही तिथेच काढून घेतलंत. मग अंधारात बसलात. काका वाक्यं विसरले, स्क्रिप्टमध्ये नसलेलं काही करत राहिले, आणि एरवी स्वल्पविरामाला ओरडणारे तुम्ही एकदाही 'खोटं' म्हणाला नाहीत. चारुताचा हात धरलात. कारण तुम्ही वाट बघत होता."

वटवाघळांचा कलकलाट भिंतीतून आत झिरपत होता.

"मला तो मरायला नको होता," सलिल म्हणाला. "थोडी थरथर. थोडा घाम. एकदा त्याच्या शरीराला ते कळलं असतं, की शोच्या वेळी त्याला आठवलं असतं. मी थांबवणारच होतो."

"केव्हा?"



"मला थांबवता आलं नाही," तो म्हणाला. "इतकं खरं मी आयुष्यात बघितलं नव्हतं."

"आणि नंतर? पद्माला जाऊन सांगितलंत, आकडा तुझ्याकडून चुकला. माफ कर स्वतःला." निहारिकाचा आवाज पहिल्यांदा खरखरला. "रोज औषधं मोजणारे हात आहेत तिचे. ते तिला परके केलेत. तेही तालमीसाठीच का?"

पोलीस अधिकारी उठून पुढे आल्या. मामाचं भाषांतर केव्हाच थांबलं होतं, पण त्यांना ते लागलं नाही. सलिल त्यांच्याबरोबर गेला. जाताना त्याने स्टेजचं दार वापरलं, ते त्याने स्वतः बसवलेलं खरं दार, आणि ते त्याच्यामागे खऱ्या आवाजाने बंद झालं.

पद्मा रडत नव्हती. तिने दोन्ही हात मांडीवर उलटे ठेवले होते, तळवे वर, कुणी त्यात काही ठेवणार असल्यासारखे.

"आठच होते," ती म्हणाली.

"आठच होते," निहारिका म्हणाली.

सुनेत्राकाकू उठल्या. मधल्या रिकाम्या खुर्च्यांना हात लावत, एकेकीला धरत, त्या पलीकडे आल्या. पद्मा घाईने उभी राहिली.

"डॉक्टर काही धड सांगत नाहीत," काकू म्हणाल्या. "डोळे उघडले तरी ओळखेल की नाही, तेही सांगत नाहीत. मला तिथले आकडे कळत नाहीत गं. मशीन वाजलं की मी नुसती उभी राहते."

"ते नेहमी वाजतं, काकू. प्रत्येक वेळी वाईट नसतं."

"हे मला कुणी सांगितलं नाही." काकूंनी तिचा उजवा हात हातात घेतला आणि सोडला नाही. "तू खाली गाडीत बसतेस म्हणे."

पद्माने मान खाली घातली.

"उन्हाची कशाला बसतेस? चल वर. त्याच्याशेजारी खुर्ची आहे. मी या बाजूला बसेन, तू त्या."