थांब हं, येते...

ही गोष्ट मी कोणाकडून ऐकलेली नाही. माझ्या डोळ्यांदेखत घडली आहे. ज्यांना थापा वाटतील त्यांनी खुशाल थापा समजाव्यात, माझं काही अडत नाही.

फक्त एवढं करा. वाचून झालं की घरातून निघताना तुमच्या तोंडून काय शब्द निघतो, त्याकडे जरा लक्ष द्या.

मी शिवणकाम करते. माझी जीभ माझ्या कात्रीपेक्षा जास्त चालते असं घरचे म्हणतात, आणि ते खोटं नाही. भुताखेतांवर माझा काडीचा विश्वास नव्हता.

नव्हता.

माझ्या ताईचे यजमान, म्हणजे माझे भाऊजी, नदीवर पर्यटकांची लाँच चालवायचे. आमच्याकडे नदीचं पात्र खूप रुंद आहे आणि मध्ये लहानमोठी बेटं आहेत. त्या बेटांमधून वळणं घेत लाँच जायची आणि भाऊजी माईकवर माहिती सांगायचे. मी लाँचवर असले की माझी खेचल्याशिवाय त्यांना चैन पडायचं नाही.

"डावीकडे खडकावर पाणकावळे, उजवीकडे बाकावर आमच्या मेव्हणीबाई. दोघांनाही हात लावू नका, चोच मारतात!"

असा हसरा माणूस.

शेवटच्या मोठ्या बेटावर लाँच थांबायची. लोक उतरायचे, फोटो काढायचे आणि मावशीकडे चहा प्यायचे.

ही मावशी तशी कोणाचीच मावशी नव्हती. बेटावर टपरी चालवणारी चहावाली, पण सगळे तिला मावशीच म्हणायचे. सकाळी लाँचने यायची, संध्याकाळी शेवटच्या फेरीने परतायची. जागा ठरलेली... मागचा बाक. मांडीवर ग्लासांची तारेची जाळी. लाँच हलली की ग्लास वाजायचे.

किणकिण... किणकिण...

काही वर्षांपूर्वी एका संध्याकाळी वरच्या धरणातून अचानक पाणी सोडलं. भाऊजींनी सगळ्या पर्यटकांना सुखरूप परत आणलं. मावशी मात्र बेटावरच राहिली. अंधार पडायच्या आत बेट पाण्याखाली गेलं.

ती सापडली नाही. फक्त तिची जाळी सापडली, झाडाच्या फांदीत अडकलेली. ग्लास एकही नव्हता.

चौकशी झाली. भाऊजींनी सांगितलं, "निघताना मी माईकवर विचारलं, कोणी राहिलंय का? कोणीच ओ दिली नाही. मला वाटलं, ती आधीच्या लाँचने गेली असेल."

आम्ही विश्वास ठेवला. ताई तर त्यासाठी गावभर भांडली. "माझा नवरा खोटं बोलणारा नाही," असं तिने लोकांना तोंडावर सांगितलं होतं.

त्यानंतर लाँच त्या बेटावर थांबेनाशी झाली. पण यंदा तिथे नवा धक्का बांधला आणि फेरी पुन्हा सुरू करायचं ठरलं. भाऊजींचं हसणं त्याच दिवशी बंद झालं.

ताईचा फोन आला.

"तू चल गं आमच्याबरोबर. दोन घास धड जेवत नाहीत हे. झोपेत दचकून उठतात. मला भीती वाटते, माणूस हातचा जाईल माझा."

"काही जात नाही. नदीत काय वाघ बसलाय?" मी म्हटलं. पण तिचा आवाज ऐकून मी दुकान बंद केलं आणि गेले.

थंडीचे दिवस होते. ऊन कलायला लागलं होतं. लाँच गच्च भरली होती... मागचा बाक सोडून.

एक जाडजूड गृहस्थ तिथे बसले आणि टुणकन उठले. "अहो, ओला आहे हा!"

खलाशाने फडक्याने बाक पुसला. आम्ही पहिल्या बेटापाशी पोचलो तर तो पुन्हा ओला. खलाशी पुन्हा पुसायला गेला, आणि फडकं तिथेच टाकून माझ्याजवळ येऊन उभा राहिला.

"बाई, हे पाणी नदीचं नाही वाटत," तो हळूच म्हणाला. "उडायला तर पाहिजे ना कुठून तरी."

"वरून गळत असेल," मी म्हटलं. वर स्वच्छ आभाळ होतं. पण माझ्यासारखीला असली उत्तरं लगेच सुचतात.

"डावीकडे... खडकावर... पाणकावळे," भाऊजी माईकवर म्हणाले.

खडक रिकामा होता.

एकही पक्षी नाही. पाण्यावर नाही, झाडावर नाही. एवढ्या बेटांमध्ये कुठून चिवचिवही ऐकू येत नव्हती. ताईने माझा हात घट्ट धरला.

शेवटचं बेट आलं. लोक उतरले, फोटो काढून आपापल्या जागी परत आले. खलाशाने धक्क्यावरचा दोर सोडला आणि गुंडाळून लाँचवर टाकला. हे मी स्वतः पाहिलंय.

भाऊजींनी माईक घेतला.

"कोणी राहिलंय का?"

लोक हसले. कोणीतरी ओरडलं, "नाही हो कॅप्टन, चला!"

स्पीकर खरखरला.

मग...

"हो... मी राहिलेय."

बाईचा आवाज होता. शांत. लोकांना वाटलं, हाही कार्यक्रमाचाच भाग. टाळ्याही पडल्या दोन-चार.

पण माईक भाऊजींच्या हातातून केव्हाच खाली पडला होता.

खलाशी केबिनमध्ये घुसला आणि त्याने स्पीकरची वायर उपटली. वायर त्याच्या हातात लोंबत होती, आणि स्पीकर बोलतच होता. आता आवाज पुरुषाचा होता. भाऊजींचा. पण आत्ताचा नव्हे, तेव्हाचा... घाईतला.

"मावशी, लाँच भरलीय. तू थांब हं, येतो."

ताईने भाऊजींकडे पाहिलं.

"तुम्ही तर म्हणाला होतात, ती तिथे नव्हतीच."

"अगं..."

"मी लोकांशी भांडले तुमच्यासाठी!"

"लाँच भरली होती गं," भाऊजी म्हणाले. "खरंच भरली होती."

स्पीकर पुन्हा खरखरला.

"मागचा बाक... रिकामा होता."

आता कोणी हसत नव्हतं. एक लहान पोर रडायला लागलं.

भाऊजी स्पीकरकडे बघून ओरडले. "स्टोव्ह आवरत बसली होती ती! ग्लास गोळा करत होती! पाणी चढत होतं, मी किती थांबणार?"

"मग 'येतो' कशाला म्हणालात तिला?" ताईने विचारलं.

"अगं, निघताना माणूस 'येतो'च म्हणतो ना! 'जातो' कोण म्हणतं? त्याचा काय एवढा अर्थ..."

"मी धरला," स्पीकरमधून आवाज आला. "पाणी गळ्यापर्यंत आलं... तरी धरून बसले."

मला भाऊजींचा इतका राग आला होता की दोन ठेवून द्याव्यात असं वाटलं. आणि त्याच वेळी त्यांची इतकी कीव येत होती की काय सांगू.

त्यांनी इंजिन चालू केलं. लाँच पुढे जायला लागली, आणि हिसका बसून थांबली. इंजिनही बंद पडलं.

दोर धक्क्याच्या खुंटाला बांधलेला होता.

"मी सोडला होता! आईशप्पथ, मी सोडला होता!" खलाशी ओरडला. तो काही केल्या खाली उतरेना. त्याचं तरी काय चुकलं?

भाऊजी उठले. ताईने त्यांचा शर्ट मागून घट्ट धरला.

"तुम्ही नका जाऊ. मी पाया पडते तुमच्या."

"मग सगळ्यांनी इथेच बसायचं का?" ते म्हणाले. तिची बोटं त्यांनी एकेक करून सोडवली. "आलोच गं. दोर सोडून येतो."

तो शब्द तोंडातून गेला आणि ते जागच्या जागी थिजले. त्यांनाही कळलं होतं. पण एकदा बोललं ते बोललं.

ते उतरले. वाकले. दोराला नुसता हात लागला आणि गाठ आपोआप सुटली.

लाँच निघाली.

इंजिन बंद होतं. प्रवाह उलट्या दिशेला होता. तरी लाँच निघाली.

खलाशी चाक फिरवायला धावला. "फिरत नाही! चाक फिरतच नाही!" भाऊजी हात पुढे करून धक्क्यावरून धावत होते. "थांबा! अरे, थांबा!" मध्ये हातभर पाणी होतं. मग पुरुषभर. मग उडी मारून गाठता येणार नाही एवढं.

आणि माझ्या पाठीमागे...

किणकिण... किणकिण...

मी वळून पाहिलं. मागच्या बाकावर कोणी नव्हतं. पण बाकावरून पाणी थेंबथेंब गळत होतं, पिळायच्या राहिलेल्या कपड्यांमधून गळतं तसं. तिथूनच आवाज आला. या वेळी स्पीकरमधून नाही. पाहुणी दारातून निघताना बोलते, अगदी तसा.

"थांब हं, येते."

ताई उडी मारायला निघाली होती. मी तिच्या कमरेला मिठी मारून तिला खाली पाडलं आणि तिच्या अंगावर पडून राहिले. तिने माझ्या हाताला चावे घेतले, ते व्रण अजून आहेत.

बेटाचं वळण गेलं आणि चाक एकदम सैल झालं. खलाशाने लगेच इंजिन चालू करून लाँच मागे वळवली. कितीसा वेळ गेला असेल? चहा उकळायला लागतो तेवढाही नाही.

धक्का रिकामा होता.

भाऊजी नव्हते. हाका मारल्या, सगळं बेट पालथं घातलं, नंतर पाणबुड्यांनी नदीही शोधली. काही मिळालं नाही. धक्क्याच्या कडेला फक्त एक ग्लास होता. अर्धा प्यालेला चहा. त्यातून वाफ निघत होती. आणि त्या बेटावर तेव्हा टपरी नव्हती, स्टोव्ह नव्हता, साधी चूलही नव्हती.

लाँच परत घाटाला लागली. सगळे घाईने उतरले. सगळ्यांत शेवटी मी ताईला धरून उतरवलं. आमच्या पुढून, घाटाच्या पायऱ्या चढत, काहीतरी वाजत गेलं.

किणकिण... किणकिण...

ती आमच्याबरोबर उतरली होती.

त्या दिवसापासून ताई रोज तिन्हीसांजेला दार उघडं टाकून बसते. "येतो म्हणून गेलेत," एवढंच म्हणते. तिला काय समजावणार? आणि मी कोणाच्याही घरून निघताना सरळ "जाते" म्हणायला लागले. म्हाताऱ्या बायका अंगावर धावून येतात, "तोंड सांभाळ, जाते काय म्हणतेस!" म्हणू देत.

पण जन्माची सवय जात नाही हो.

मागच्या आठवड्यात ताईला डबा द्यायला गेले होते. ती चार शब्द बोलली, बऱ्याच दिवसांनी जरा हसलीही. त्या आनंदात मी चप्पल घालता घालता बोलून गेले, "बरं, येते गं ताई."

ताई माझ्यासमोर दारातच उभी होती. तिचे ओठ मिटलेले होते.

आतून, स्वयंपाकघरातून कोणीतरी म्हणालं, "ये हं. वाट बघते."

मी पळाले. आपली सख्खी बहीण तिथे टाकून पळाले. तेव्हापासून मी तिकडे फिरकले नाही.

आज सकाळी ताईचा फोन आला.

"अगं, कधी येतेस? येते म्हणाली होतीस ना?"

तिच्या मागे ग्लास वाजत होते.

"ताई, तुझ्याकडे कोण आहे?" मी विचारलं.

"कोणी नाही," ती म्हणाली. "तुझा चहा रोज गार होतो म्हणून म्हटलं."

ताई चहा पीत नाही. तिच्या घरात चहाची पूडसुद्धा नसते.

दुकान लवकर बंद केलंय. तिला तिथे एकटीला कशी ठेवू? जायला तर हवंच.

येते म्हटलंय ना मी.