दोन ब्रेकची गाडी

"सर कधी येतात?" असं विचारून, उत्तराची वाट न पाहता झुबेर पुढच्या डाव्या सीटवर बसूनही गेला.

नाझिया दाराशीच उभी होती. "सर मीच," ती म्हणाली. "आणि ती माझी जागा आहे. तुम्ही मागे."

स्टिअरिंगपाशी बसलेली त्याची धाकटी बहीण रिदा ओढणीत तोंड लपवून हसली. पोरीला एकटीला पाठवायचं नाही, म्हणून घरच्यांनी मस्कतहून सुट्टीवर आलेल्या भावाला सोबत धाडलं होतं. तो निमूट मागे गेला, गुडघे दुमडून बसला.

नवीन पनवेलचे रस्ते तेव्हा सकाळी रिकामे असत. खांदा कॉलनीला फेरी मारली तरी दूधवाला आणि चार कुत्री, एवढीच काय ती वर्दळ. त्या रस्त्यांवर ही पांढरी मारुती साऱ्यांच्या ओळखीची. नाझियाचे अब्बा कुवेतला होते तेव्हा ती घेतलेली. ड्रायव्हर टिकेना, म्हणून अम्मी, शरीफा, स्वतःच चालवायला शिकली. शरीफाने लाज सोडली, असं मोहल्ल्यात बोललं गेलं. आणि मग त्याच बोलणाऱ्या बायका हळूच येऊन विचारू लागल्या, आम्हालाही शिकवशील? शरीफाने डाव्या बाजूला दुसरा क्लच, दुसरा ब्रेक बसवून घेतला आणि मागच्या काचेवर रंगवलं — शरीफा लेडीज ड्रायव्हिंग क्लास. तिच्या हाताखालच्या किती जणी पुढे शाळेच्या व्हॅन चालवू लागल्या. एकीने तर करंजाच्या बंदरावरून मासळी आणायला स्वतःचा टेम्पो घेतला. "पाय हलका ठेव, गाडी पळून जात नाही," हे अम्मीचं वाक्य त्या सगळ्यांना पाठ होतं.

अम्मी जाऊन वर्ष होत आलं होतं. डाव्या ब्रेकचं रबर तिच्या चपलेने एका कडेला झिजलेलं. नाझियाने ते बदललं नव्हतं.

रिदा शिकत गेली. नाझियाच्या बाजूच्या छोट्या आरशात पूर्वी रिक्षा दिसत. आता मधूनच एक भुवई दिसे, कधी हसू.

"मागे काय पाहता, मॅडम?"

"ट्रॅफिक."

"या रस्त्यावर...?"

रिदाला लायसन्स मिळालं आणि त्याच आठवड्यात झुबेर एकटाच हजर झाला. त्यालाही शिकायचं होतं. लेडीज क्लास आहे, असं नाझियाने सुनावलं. पुरुषांना मनाई असं काचेवर कुठे लिहिलंय, असं त्याने विचारलं. आणि मग तो असा काही शिकू लागला, की गाडी चौकाचौकात धक्के खात बंद पडे.

दोन्हीकडचे पेडल सळईने जोडलेले होते. शिकणाऱ्याने तिकडे दाबलं की इकडेही खाली जात. म्हणूनच प्रत्येकीची भीती नाझियाच्या तळव्याला आधी कळायची. त्या दिवशी आपटा गावाच्या वाटेवर एका चढणीला पुढची एसटी थांबली. सवयीने नाझियाचा पाय ब्रेककडे गेला... आणि थबकला. क्लच अर्ध्यावर येऊन स्थिरावला होता, जराही न थरथरता. गाडी चढणीवर नुसती श्वास घेत उभी.

"मस्कतला काय चालवता?" तिने विचारलं.

"...ट्रेलर."

"मग हे नाटक कशाला?"

"मागे बसलं की आरशात अर्धंच माणूस दिसतं, मॅडम." मग म्हणाला, "परत जायचं मनात नाही. ट्रेलर उरणच्या बंदरातही चालतात."

ती खिडकीबाहेर पाहू लागली. हसू आवरेना. पण तिचं लग्न जमावं म्हणून कमरुद्दीन मामूंनी गाडीला गिऱ्हाईक बघितलं होतं, रविवारी ते येणार होतं. तिला बघायला येणारा प्रत्येक जण हेच बजावून जायचा, की लग्नानंतर हा क्लास नको. तिने सगळं सांगितलं आणि विचारलं, "तुमच्या घरी काय वेगळं सांगतील?"

"माहीत नाही," तो म्हणाला. "अम्मीला विचारावं लागेल."

त्याने खोटा धीर दिला नाही, हे तिला आवडलं. आणि लागलंही.

रविवारी तिने गाडी धुतली. बुटक्या बायकांसाठी अम्मीने शिवलेली उशी ड्रायव्हर सीटवरून काढून कडेला घेतली. मामू गिऱ्हाइकाला इंजिन दाखवत होते, तेवढ्यात रिक्षा थांबली. झुबेर उतरला, पाठोपाठ बुरख्यातल्या ठेंगण्या बाई. त्याची अम्मी. नाझियाला पुढचं ठाऊक होतं; चहा, खुर्ची, आणि मग तीच अट.

बाईंनी गाडीभोवती फेरी मारली, काचेवरची अक्षरं वाचली आणि उजव्या दाराशी येऊन थांबल्या.

"शरीफाने मलाही शिकायला बोलावलं होतं, बेटा. सासूच्या धाकाने आले नाही." त्यांनी दाराच्या मुठीवर हात ठेवला. "आता सून गाडी शिकवणारी, आणि सासूला क्लच ठाऊक नाही... बरं दिसेल का ते?"

नाझियाने उशी पुन्हा सीटवर ठेवली. मामूंना म्हणाली, बॉनेट लावा, शिकाऊ आली आहे.

गाडी हलली. तिच्या तळव्याखाली क्लच थरथरू लागला.

"पाय हलका ठेवा, खाला. गाडी पळून जात नाही."

आरशात मामू आणि गिऱ्हाईक लहान होत गेले. त्यांच्या पुढे, मागच्या सीटवर गुडघे दुमडून, झुबेर.

"मागे काय पाहता, मॅडम?"

"ट्रॅफिक," ती म्हणाली. पण या वेळी तिने नजर काढून घेतली नाही.