बत्तीस दोऱ्या

पहिल्याच भेटीत त्याने तिच्या वडिलांची बत्तीस गिऱ्हाइकं सोडवून टाकली.

आला होता नुसतं शर्टाचं बटण लावून घ्यायला. तेवढ्यात फोन वाजला आणि ती आत गेली. तिचे वडील जुन्या वळणाचे शिंपी. माप कधी लिहायचे नाहीत. दर गिऱ्हाइकाची एक दोरी, तिच्यावर खांद्याची, छातीची, कमरेची गाठ. वाद्यवृंदाच्या बत्तीस कोटांच्या दोऱ्या टेबलावर होत्या. ती परतली, तेव्हा साऱ्या सरळ होऊन ओळीने पडलेल्या.

“बसल्या बसल्या गाठी सोडवल्या,” तो म्हणाला. वर शाबासकीची वाट पाहत उभा.

गाठी गेल्या म्हणजे बत्तीसही मापं गेली. वडील महिनाभर आत्याकडे गेले होते, दुकान पहिल्यांदाच तिच्यावर सोपवून. कोट जमले तर दुकान तुझं, नाहीतर जागा शेजारच्या औषधवाल्याला, असं बजावून गेले होते. आणि हा शहाणा...

तिने त्याला मनसोक्त झापलं. तो मान खाली घालून उभा राहिला, पण गेला नाही. तो इमारतींचे नकाशे काढायचा, फोनच्या कॅमेऱ्याने भिंती मोजायचा. वादकांनाही तसंच मोजू या, म्हणाला. माप घ्यायचं काम आजवर वडिलांचंच, तिच्या हाती फक्त शिवण. बुडत्याला काडीचा आधार. ती तयार झाली.

पहिला कोट ढोलवाल्याचा. उभ्याने अगदी चपखल बसला. त्याने हात उचलले मात्र, काखेत टर्रकन उसवला.

“माप बरोबर आहे तुमचं,” ती म्हणाली. “पण माणूस भिंतीसारखा उभा राहत नाही हो.”

मग मोजायचा कॅमेरा आणि सैल सोडायची तिची बोटं. ढोलवाल्याला दोन बोटं जास्त, व्हायोलिनवालीला डाव्या खांद्याशी एक. कोट घालून बघायला रोज हाच उभा. गंभीर चेहऱ्याने हवेत ढोल बडवायचा आणि तिला हसू आवरायचं नाही.

“श्वास घ्या.”

“घेतलाय.”

“मग सोडा की.”

“तुम्ही इतक्या जवळ उभ्या... कसा सोडतात, तेच आठवत नाहीये.”

टाचणी तिच्याच बोटात गेली. इतका आगाऊ माणूस तिने पाहिला नव्हता, आणि इतका आवडलाही नव्हता कुणी.

कार्यक्रमाला वडील प्रवासातून थेट सभागृहात आले. गाणं-बजावणं राहिलं बाजूला, ते वादकांच्या काखा बघत बसले. ढोलवाल्याने दोन्ही हात वर नेले, तेव्हा तिने शेजारी बसलेल्या त्याचं मनगट घट्ट धरलं. शिवण हलली नाही. बत्तीसच्या बत्तीस कोट शेवटपर्यंत झोकात वाजले.

वडिलांनी खिशातून किल्ली काढून तिच्या हातावर ठेवली. “असा खांदा मलाही बसवता आला नसता, पोरी.”

तो हळूच उठला. काम झालं, आता दुकानात यायला काही निमित्त उरलं नाही, असं काहीतरी पुटपुटला.

“थांब,” ती म्हणाली. अहो-जाहो कुठे गळून पडलं, तिचं तिलाच कळलं नाही. “बाबा, तुमच्या सगळ्या गाठी याने सोडवून ठेवल्यात. एकही उरली नाही. तरी मला हाच हवाय.”

वडिलांनी त्याला आपादमस्तक न्याहाळलं. मग तिला म्हणाले, “त्याला विचारलंस का?”

ते राहूनच गेलं होतं. तिने वळून पाहिलं, तर तो केव्हापासून होकारार्थी मान डोलवत होता.